अळ्या आल्या कुठून?

श्रावणातली सकाळ. सासूबाईंच्या खोलीत केर काढत होते. पलंगाखालून केरसुणी फिरवली आणि सुपलीत धुळीबरोबर तांदळाच्या दाण्याएवढं पांढरं काहीतरी वळवळलं. वाकून पाहिलं, तर पाच-सहा अळ्या! अंगावर सर्रकन काटा आला. आणि खरं सांगू मैत्रिणींनो, पहिला विचार मनात आला तो हाच, की भांड्याची बाई यायच्या आत हे निस्तरलं पाहिजे. कुणी बघितलं तर काय म्हणेल? हिच्या झोपायच्या खोलीत अळ्या!

अळ्या गोळा करून गरम पाण्यात टाकल्या. फरशी फिनेलने दोनदा पुसली. ह्यांनाही काही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी पाहते, तर पुन्हा चार.

मग मात्र धीर सुटला. शेजारच्या काकूंना बोलावलं. त्या म्हणाल्या, "अगं, नुसती पुसत काय बसलीस? येतात कुठून ते शोध आधी."

काकूंचं बरोबर होतं. अळ्या काही फरशीतून उगवत नाहीत. माशी एका वेळी शंभराच्या आसपास अंडी घालते. दमट, उबदार हवेत ती ८ ते २४ तासांत फुटतात. अळी काही दिवस सडक्या-कुजक्यावर पोसते आणि मग कोष करायला कोरडी, अंधारी जागा शोधत सरपटत निघते. त्यामुळे अळी दिसते एकीकडे आणि तिचं मूळ असतं दुसरीकडेच.

आम्ही दोघींनी खोली उलटीपालटी केली. माळ्यावर औषध खाऊन मेलेला उंदीर, कपाटामागे पाल, खिडकीच्या छज्जावर कबुतराचं पिल्लू, कचऱ्याची पिशवी, सगळं पाहिलं. दिवाणातलं गव्हाचं पोतंही सोडून बघितलं. पण धान्यातल्या अळीला तपकिरी डोकं आणि बारीक पाय असतात, ती भिंतीवरही चढते. ह्या तर बिनपायांच्या, एका टोकाला निमुळत्या. माशीच्याच.

काकू पलंगाशी थांबल्या. "वहिनींच्या टाचेला काय झालंय गं?"

सासूबाईंना बरीच वर्षं साखरेचा त्रास. टाचेला भेग पडून जखम झाली होती, पण "दुखत नाही गं, माझी मी करते" म्हणून पट्टी त्याच बदलायच्या. मीही कामाच्या रगाड्यात कधी पाहिलं नाही. त्या दिवशी बळेच पट्टी सोडली. जखमेत अळ्या होत्या.

सासूबाईंच्या डोळ्यांतून धारा लागल्या. त्यांनी आदल्या दिवशीच पाहिलं होतं. "किडे पडले म्हणजे काय पाप केलं असेल, असंच म्हणतील ना लोक? म्हणून नाही बोलले."

आपल्याकडे 'किडे पडोत' ही शिवी आहे, शाप आहे. पण माशीला पाप-पुण्य कळत नाही. तिला फक्त वास कळतो.

त्याच दुपारी दवाखाना गाठला. डॉक्टरांनी अळ्या काढल्या, जखम साफ केली, धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं. म्हणाले, "साखरेमुळे पायाच्या नसा बधिर होतात. दुखत नाही म्हणजे बरं आहे, असं समजू नका. वेळेवर आलात, पाय वाचला."

तेव्हा मैत्रिणींनो, अळ्या दिसल्या तर आधी मूळ शोधा. मेलेलं काही सापडलं तर हातमोजे किंवा प्लास्टिकची पिशवी घालूनच उचला आणि बांधून टाका. अळ्या साबणाच्या कढत पाण्यात टाका. चादरी, अभ्रे गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात वाळवा. कोपऱ्यात तपकिरी दाण्यांसारखे कोष दिसले तर तेही झाडून टाका, नाहीतर त्यांतून पुन्हा माश्या निघतात. खिडक्यांना जाळी बसवा. बाळाचे डायपर, उष्टी ताटं, फळांच्या साली रात्रभर खोलीत ठेवू नका.

आणि घरात अंथरुणाला खिळलेलं किंवा साखर असलेलं माणूस असेल, तर त्यांचे पाय, टाचा, पाठ रोज उजेडात बघा. जखम स्वच्छ आणि झाकलेली हवी. जखमेत अळ्या दिसल्या तर घरी रॉकेल, फिनेल, चुना असलं काही घालू नका. काही माश्यांच्या अळ्या जिवंत मांसही पोखरतात, म्हणून उद्यावर न टाकता लगेच डॉक्टरकडे न्या.

सासूबाईंची टाच आता भरली आहे. रोज रात्री दिवा जवळ घेऊन मी त्यांचे पाय पाहते. पहिले काही दिवस त्या पाय आखडून घ्यायच्या. एकाच खोलीतली एकच गोष्ट आम्ही दोघी एकमेकींपासून लपवत होतो, हे आठवलं की अजून चुटपुट लागते. आता मी पलंगाशी बसले, की त्या स्वतःच पाय पुढे करतात.