कालप्रवाशाच्या खिशातील खूण

कालप्रवास हा विषय विज्ञानकथांच्या वाचकांस आता नवा राहिलेला नाही. यंत्र कसे असावे, त्याला गती कशी मिळावी, याविषयी पुष्कळ लिहिले जाते. परंतु प्रवासी उतरला, की आपण कोणत्या काळात आलो, हे त्याने ओळखावे कसे? समुद्रावर दीपस्तंभ असतो, लोहमार्गावर सिग्नल असतो. काळाच्या वाटेवर काय असेल? मी इतिहासाचा विद्यार्थी असल्याने हा प्रश्न मला यंत्रापेक्षाही अधिक महत्त्वाचा वाटतो.

एच. जी. वेल्स यांनी १८९५ साली प्रसिद्ध केलेल्या ‘द टाइम मशीन’ या कादंबरीत यंत्रावर तबकड्या बसविल्या आहेत. एक दिवस मोजते, दुसरी हजारो दिवस, तिसरी लाखो. एवढ्याने ‘केव्हा’ या प्रश्नाचे उत्तर मिळते. पण प्रवासी परत आल्यावर मित्रांचा त्याच्यावर विश्वास बसत नाही. तेव्हा तो खिशातून दोन पांढरी फुले काढून मेजावर ठेवतो. ती कोणत्या कुळातील, हे त्यांच्यातील डॉक्टरलाही सांगता येत नाही. तबकडी प्रवाशाला वाट दाखविते. फूल इतरांना साक्ष देते.

आपल्या मराठीत डॉ. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत हाच प्रश्न अधिक बिकट होऊन येतो. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पुण्यातील अपघातानंतर अशा जगात जातात, की जेथे १७६१ चे पानिपत मराठ्यांनी जिंकलेले आहे. साल बदललेले नाही. बदलला आहे तो इतिहास. म्हणजे ‘केव्हा’ सांगणारी तबकडी येथे निरुपयोगी ठरते. येथे हवी आहे ‘कोणता’ हे सांगणारी खूण. पंत मुंबईच्या ग्रंथालयात जाऊन एकेक पुस्तक चाळतात, आणि विश्वासरावांना गोळी चाटून गेली, असे सांगणारे बखरीचे पान अखेर त्यांच्या खिशात राहते. आपल्या जगातील बखरीत ती गोळी विश्वासरावांना लागलेली आहे.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. त्या पानाला स्वतःचे असे काहीच सामर्थ्य नाही. आपल्याकडील छापील प्रत शेजारी ठेवली, तेव्हाच ते बोलू लागते. ताडून पाहण्यास दुसरे काही नसेल, तर कोणतीही खूण मुकीच राहते.

हे केवळ कथेतच घडते असे नाही. १९७२ साली सोडलेल्या पायोनियर १० या यानावर एक धातूची पाटी आहे. तीवर चौदा पल्सार ताऱ्यांच्या दिशा आणि त्यांच्या स्पंदनांचे कालावधी कोरलेले आहेत. पल्सार म्हणजे ठराविक अंतराने रेडिओलहरींचे ठोके देणारा तारा. हे ठोके अतिशय नियमित असले, तरी काळाच्या ओघात ते किंचित मंदावत जातात. त्यामुळे पाटीवरील आकडे आणि त्या वेळी मोजलेले ठोके यांतील फरकावरून, यान किती काळापूर्वी निघाले, हे काढता येईल. १९७७ च्या व्हॉयेजर यानांवरील ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावरही हाच नकाशा आहे. त्या मुद्रिकेत मराठीतील अभिवादन आहे, आणि गोव्याच्या केसरबाई केरकरांची भैरवीही आहे.

काळाच्या वाटसरूसाठी माणसाने घडविलेला खराखुरा दीप म्हणावा, तो हाच. त्यात तारा एक नसून चौदा आहेत, हे मला विशेष वाटते. एका साक्षीदाराची चूक दुसरा दाखवून देतो. असे ठोके ऐकणारी मोठी दुर्बीण आपल्यापासून दूर नाही. नारायणगावाजवळ खोडद येथे पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस अँटेना हेच काम करीत आहेत.

आता इतिहासाकडे वळू. इतिहासाचार्य राजवाडे यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड काढला. त्यात पानिपतापर्यंतच्या दशकातील पत्रे आहेत. प्रस्तावनेत त्यांनी बखरींतील चुकांची झडती घेतली. पुढे १९१० मध्ये पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापन झाले. हा सारा खटाटोप कशासाठी? एक पान दुसऱ्या पानाशी ताडता यावे, यासाठीच.

पुण्यात पानिपताचा विषय निघाला, की ‘विश्वासराव वाचले असते तर?’ हा प्रश्न हमखास निघतो. प्रश्न रास्त आहे. कल्पनेला मज्जाव नसावा. नारळीकरांनी तो कथा म्हणून, स्पष्ट सांगून विचारला. धोका आहे तो दुसरीकडे. मनाला सुखावणारे एखादे सुटे पान कोणीतरी हाती देतो, आणि तेच खरे मानून आपण भांडावयास उठतो. तेव्हा अपघात न होताच आपण परक्या जगात जाऊन पोहोचतो. आणि गंमत अशी, की ते जग आपल्याला परके वाटतही नाही.

गंगाधरपंतांची थोरवी मला येथे दिसते. मराठे जिंकल्याचे वाचून ते तेथेच सुखावून बसले नाहीत. हे घडले कसे, याचा शोध घेण्यास ते ग्रंथालयात गेले. दीपस्तंभ वाट दाखवितो खरा, पण सुकाणू हाती असलेल्यानेच तो पाहावा लागतो. ते सुकाणू म्हणजे ताडून पाहण्याची सवय. आणि ती सवय कला शाखेत नाही लागली, तर लागणार कोठे?