खेळाचे स्थलांतर : संगणकावरून फोनवर

बुद्धिबळाचा डाव रंगात आलेला असतो, इतक्यात दिवेलागण होते आणि उरलेला डाव उद्या पुरा करावयाचे ठरवून दोघे खेळाडू उठतात. पट तसाच मांडून ठेवणे शक्य नसेल, तर प्रत्येक मोहऱ्याची जागा कागदावर टिपून घ्यावी लागते. तो कागद खिशात घालून दुसऱ्या दिवशी दुसऱ्या घरी, दुसऱ्या पटावर, निराळ्या मोहऱ्यांनिशी तोच डाव पुढे चालविता येतो. मात्र टिपण पुरते हवे. आता चाल कोणाची, हे लिहावयाचे राहिले तर डाव अडतो. राजा पूर्वी एकदा हलला होता की नाही, हे पटाकडे पाहून कळत नाही; तथापि त्याला किल्लेकोट करता येईल की नाही हे त्यावरच अवलंबून असते. म्हणजे डोळ्यांना दिसणारी मांडणी आणि डावाची खरी स्थिती ह्या दोन भिन्न गोष्टी होत.

संगणकावर सुरू केलेला खेळ पुढे फोनवर खेळावयाचा असेल, तर मुळात हाच प्रश्न उभा राहतो. एखाद्या विद्यार्थ्याने दोन वर्षांच्या सुट्ट्यांत मिळून एका खेळात गाव वसविलेले असते. ते सारे गाव एका लहानशा फाईलीत मावते, आणि निष्काळजीपणाने केलेल्या एकाच नकलेने ती फाईल कायमची नाहीशी होऊ शकते. म्हणून स्थलांतर करण्यापूर्वी काय हलवावयाचे, काय हलू शकत नाही आणि का, हे समजून घेणे अगत्याचे आहे.

खेळाचे तीन भाग

संगणकावरील कोणत्याही खेळाचे स्थूलमानाने तीन भाग पडतात. पहिला भाग आज्ञावलीचा. खेळाचे नियम आणि ते अमलात आणणाऱ्या आज्ञा तिच्यात असतात. दुसरा भाग सामग्रीचा. चित्रे, ध्वनी, नकाशे, संवाद ही सामग्री होय. तिसरा भाग म्हणजे खेळाडूने केलेल्या प्रगतीची नोंद. हिला खेळाडू ‘सेव्ह फाईल’ म्हणतात. पहिले दोन भाग बाजारात पुन्हा मिळू शकतात. तिसरा भाग मात्र जगात त्या एका खेळाडूपाशीच असतो. आकाराने तो बहुधा सर्वांत लहान असतो आणि मोलाने सर्वांत मोठा.

आज्ञावली तशीच का नेता येत नाही?

घरगुती संगणकांपैकी पुष्कळांचे प्रोसेसर इंटेल कंपनीच्या १९७८ मधील ८०८६ ह्या प्रोसेसरच्या वंशातील असतात. फोनचे प्रोसेसर बहुधा ‘आर्म’ ह्या निराळ्या घराण्यातील असतात. ह्या घराण्यातील पहिला प्रोसेसर इंग्लंडमधील केंब्रिज येथे एकॉर्न कंपनीत १९८५ साली तयार झाला. दोन्ही घराण्यांची भाषा वेगळी आहे. इंटेलच्या वंशात एक आज्ञा १ बाइटापासून १५ बाइटांपर्यंत कितीही लांबीची असू शकते. आर्मच्या ६४ बिटांच्या आज्ञासंचात प्रत्येक आज्ञा नेमकी ४ बाइटांची असते. म्हणून संगणकासाठी सिद्ध केलेली आज्ञावली फोनमध्ये नुसती नकलून ठेविली, तर तमिळ न जाणणाऱ्या माणसापुढे तमिळ पत्र ठेवावे तशी तिची गत होते. अक्षरे शाबूत असतात, अर्थबोध होत नाही.

ह्यावर चार उपाय आहेत. पहिला, खेळाच्या कर्त्यानेच मूळ आज्ञावली फोनच्या भाषेत पुन्हा सिद्ध करणे. दुसरा, जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणारी आज्ञावली फोनवर चालविणे. तिसरा, खेळ संगणकावरच ठेवून केवळ चित्र आणि ध्वनी जाळ्यावरून फोनकडे पाठविणे. ह्यात वस्तुतः काहीच स्थलांतरित होत नाही. चौथा उपाय सर्वांत कल्पक आहे, आणि तो फोनच्या पुष्कळ आधीचा आहे.

एका काल्पनिक यंत्राची युक्ती

अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रशास्त्र संस्थेत काही मंडळींनी १९७७ पासून ‘झॉर्क’ नावाचा एक शाब्दिक खेळ रचिला. तो संस्थेच्या मोठ्या संगणकावर चालत असे. १९७९ साली ह्या मंडळींनी इन्फोकॉम ही कंपनी स्थापिली, तेव्हा त्यांच्यापुढे अडचण उभी राहिली. त्या काळी घरगुती संगणकांच्या अनेक जाती होत्या आणि एकाची आज्ञावली दुसऱ्यावर चालत नसे. प्रत्येक जातीसाठी प्रत्येक खेळ नव्याने लिहावयाचा म्हणजे श्रमांना अंत नव्हता.

त्यांनी एक यंत्र कल्पिले. हे यंत्र कोणत्याही कारखान्यात तयार व्हावयाचे नव्हते. त्याचे नियम केवळ कागदावर होते. त्याला त्यांनी ‘झेड-यंत्र’ असे नाव दिले. सर्व खेळ ह्या काल्पनिक यंत्राच्या भाषेत लिहावयाचे, आणि प्रत्येक खऱ्या संगणकासाठी एक लहानसा दुभाषी तयार करावयाचा, अशी ही योजना होती. दहा खेळ आणि दहा संगणक असतील तर शंभर आज्ञावल्यांऐवजी दहा खेळ व दहा दुभाषी एवढ्यांवर काम भागते. ती कंपनी पुढे उरली नाही. ते संगणकही संग्रहालयांत गेले. परंतु यंत्राचे नियम अभ्यासकांनी उलगडून लिहून ठेविले असल्यामुळे आजच्या फोनसाठीही दुभाषी लिहिले गेले आहेत आणि जुना खेळ अक्षराचाही बदल न करता त्यांवर चालतो. चित्रमय खेळांबाबत हीच वाट २००१ मध्ये सुरू झालेल्या ‘स्कमव्हीएम’ ह्या प्रकल्पाने चोखाळली.

झेड-यंत्राच्या खेळांतील प्रगतीच्या नोंदीसाठी ‘क्वेट्झल’ नावाचा एक सामाईक नमुना ठरविण्यात आला आहे. ह्या नमुन्यात खेळाची सारी स्मृती लिहून ठेवण्याची गरज नसते. मूळ खेळाच्या तुलनेत जेथे जेथे बदल झाला तेवढाच टिपता येतो. त्याबरोबर तो खेळ कोणत्या आवृत्तीचा, त्याचा अनुक्रमांक काय आणि त्याची पडताळा-संख्या काय, हेही नोंदलेले असते. दुभाषी प्रथम ही ओळख तपासतो. ती जुळली नाही तर नोंद दुसऱ्या खेळाची आहे हे कळून येते. नोंद कशी असावी ह्याचा हा वस्तुपाठच म्हणावा लागेल.

शेताची फाईल

अलीकडचे उदाहरण घ्यावयाचे तर एरिक बॅरोन ह्यांनी रचिलेल्या ‘स्टारड्यू व्हॅली’ ह्या खेळाचे घेता येईल. तो २०१६ च्या फेब्रुवारीत संगणकासाठी प्रसिद्ध झाला, २०१८ साली आयफोनवर आणि २०१९ साली अँड्रॉइड फोनवर आला. ह्यात खेळाडू एक ओसाड शेत कसतो. खेळातील पात्र रात्री झोपले की त्या दिवसाची नोंद होते. प्रत्येक शेतासाठी एक फोल्डर असते. त्याच्या नावात एक नाव आणि एक लांब संख्या असते. आत दोन मुख्य फाईली असतात. एकीचे नाव फोल्डरच्या नावासारखेच असते. दुसरीत शेताची थोडक्यात माहिती असते. शिवाय आदल्या नोंदीची एक प्रत बाजूला ठेविलेली आढळते.

ह्या फाईली संगणकावर साध्या मजकुराच्या रूपात असतात. आरंभी खेळाडूपाशी ५०० नाणी असतात. फाईल उघडून पाहिल्यास पैशाच्या खुणेच्या दोन चिन्हांमध्ये ५०० हे अंक सरळ वाचता येतात. संख्या अशी मजकुरात लिहिल्याने एक मोठा लाभ होतो, तो पुढील विवेचनावरून ध्यानात येईल.

बाइटांचा क्रम

एका बाइटात ० ते २५५ एवढ्याच संख्या मावतात. १००० लिहावयाचे तर दोन बाइट लागतात : ३ आणि २३२, कारण ३ गुणिले २५६ अधिक २३२ म्हणजे १०००. आता मोठा भाग आधी लिहावा की लहान? दोन्ही पद्धती प्रचारात आल्या. ३, २३२ असे लिहिलेले दुसऱ्या पद्धतीच्या यंत्राने वाचले, तर २३२ गुणिले २५६ अधिक ३, म्हणजे ५९,३९५ नाणी होतात. डॅनी कोहेन ह्यांनी १९८० मध्ये ह्या वादाला स्विफ्टच्या ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’मधील, अंडे कोणत्या टोकाने फोडावे ह्यावरून भांडणाऱ्या पक्षांची नावे दिली. सुदैवाने आजचे घरगुती संगणक व फोन व्यवहारात एकाच पद्धतीचे, लहान भाग आधी लिहिणारे आहेत. जुन्या यंत्रांवरील फाईली आणताना मात्र हा फरक आडवा येतो. मजकुरात लिहिलेल्या ‘१०००’ ला ही बाधा होत नाही.

काही खेळ मात्र वेगळी रीत अवलंबितात. १९९३ च्या ‘डूम’ ह्या खेळात नोंद करताना संगणकाच्या स्मृतीतील काही रचना जशाच्या तशा फाईलीत उतरविल्या जात. त्या रचनांत स्मृतीतील पत्ते असत. ३२ बिटांच्या यंत्रात एक पत्ता ४ बाइटांचा, ६४ बिटांच्या यंत्रात ८ बाइटांचा. त्यामुळे खेळ नव्या यंत्रावर नेताना पुढील सर्व मजकूर सरकतो. १९९७ साली खेळाची मूळ आज्ञावली खुली झाल्यावरच इतरांना ही गोष्ट तपासून दुरुस्त करता आली.

आवृत्तीची अडचण

‘स्टारड्यू व्हॅली’ची १.६ ही आवृत्ती संगणकावर २०२४ च्या मार्चमध्ये आली; फोनवर ती त्याच वर्षी नोव्हेंबरात पोचली. मधल्या काळात संगणकावरील नव्या आवृत्तीची फाईल फोनवरील जुन्या आवृत्तीला देऊन उपयोग नव्हता. फाईलीत ज्या वस्तूंचा उल्लेख होता त्या जुन्या आवृत्तीला ठाऊकच नव्हत्या. जुनी नोंद नव्या आवृत्तीला बहुधा वाचता येते. नवी नोंद जुनीला वाचता येत नाही. म्हणून हलविण्यापूर्वी दोन्हीकडील आवृत्तीचा क्रमांक पाहणे हे पहिले काम होय.

फोनमधील बंद कप्पे

संगणकावर बहुधा एक आज्ञावली दुसरीच्या फाईली वाचू शकते. फोनमध्ये प्रत्येक आज्ञावलीला स्वतंत्र कप्पा असतो आणि इतरांना तो बंद असतो. एखाद्या लबाड आज्ञावलीने दुसरीची गुपिते चोरू नयेत हा त्यामागील हेतू. अँड्रॉइडच्या २०२० मधील ११ व्या आवृत्तीपासून हा निर्बंध अधिक कडक झाला; आयफोनवर, ज्या खेळाने स्वतःहून मुभा दिली असेल त्याचेच फोल्डर बाहेरून दिसते. ह्या व्यवस्थेचा एक परिणाम विसरता कामा नये : खेळ फोनमधून काढून टाकला की त्याचा कप्पाही सामान्यतः पुसला जातो, आणि आतील नोंदही त्याबरोबर जाते. खेळ बिघडला म्हणून तो काढून पुन्हा बसविणारे पुष्कळजण ह्याच ठिकाणी फसतात.

हलविण्याची रीत

स्थलांतराचा क्रम पुढीलप्रमाणे असावा. प्रथम दोन्हीकडील खेळ बंद करावा. नोंद लिहिली जात असताना केलेली नक्कल अर्धवट राहते. नंतर मूळ फोल्डरची एक प्रत संगणकावरच दुसऱ्या जागी ठेवावी. फोनवर त्या खेळाची आधीची नोंद असल्यास तिचीही प्रत काढावी. मग केबलने किंवा खेळाने दिलेल्या मार्गाने संपूर्ण फोल्डर न्यावे. नावात बदल करू नये. मोठ्या व लहान लिपीतील रोमन अक्षरे विंडोज सामान्यतः एकच मानते, परंतु इतर काही यंत्रणा ती भिन्न मानतात.

नक्कल नेमकी झाली की नाही हे पडताळा-संख्येवरून कळते. ग्रंथालयातील पुस्तकावरच्या १३ अंकी आयएसबीएन क्रमांकात हेच तत्त्व आहे. अंकांना आळीपाळीने १ व ३ यांनी गुणून केलेल्या बेरजेला १० ने निःशेष भाग जावा, अशा बेताने शेवटचा अंक ठरविलेला असतो. कोणताही एक अंक चुकला की भाग जात नाही. फाईलीसाठी हीच कल्पना अधिक कसोशीने वापरतात. दोन्ही प्रतींची पडताळा-संख्या एक आली तर प्रती एकच समजाव्या. त्यानंतर फोनवर खेळ उघडून नोंद वाचली जाते ना, हे पाहावे. तोवर मूळ प्रत पुसू नये.

दोन प्रतींचा तंटा

काही खेळ आपली नोंद दूरच्या संगणकावर आपोआप ठेवितात. ही सोय मोठी आहे, परंतु तिच्यात एक धोका असतो. सकाळी आगगाडीत, जाळ्याशी संबंध नसताना फोनवर खेळ पुढे गेला, आणि संध्याकाळी घरी संगणकावर कालच्याच नोंदीवरून पुन्हा खेळला गेला, तर एकाच शेताच्या दोन वेगळ्या वाटा होतात. दोन्ही नोंदी खऱ्या असतात आणि त्या एकमेकींत मिसळता येत नाहीत. तेव्हा यंत्रणा विचारते की, कोणती ठेवावी? नुसती वेळ पाहून उत्तर देऊ नये. उशिराची नोंद नेहमी अधिक प्रगतीची असतेच असे नाही. आधी दोहोंच्या प्रती बाजूला काढाव्यात, मग निवड करावी.

ह्या सर्व विवेचनाचा विषय खेळ असला, तरी त्याचे तत्त्व खेळापुरते नाही. दुकानाची वही, शाळेचे हजेरीपत्रक, संशोधकाची निरीक्षणे ही सर्व आज अशाच फाईलींत असतात आणि दर काही वर्षांनी त्यांना एका यंत्रावरून दुसऱ्या यंत्रावर जावे लागते. यंत्रे जुनी होतात व कंपन्या बंद पडतात. ज्या नोंदीचा नमुना उघडपणे लिहून ठेविलेला आहे आणि जिची एकाहून अधिक प्रती आहेत, ती नोंद मात्र यंत्रामागून यंत्र बदलत पुढे जाऊ शकते. बुद्धिबळाचे टिपण नीट लिहिलेले असेल, तर पट हरवला तरी डाव हरवत नाही.