घराच्या खतावणीत न नोंदलेले नाव

चातुर्मासात आमच्या घरी सूर्यास्तापूर्वी जेवणे आटोपतात. त्यामुळे साडेसातला सारे कुटुंब दूरचित्रवाणीसमोर निवांत बसलेले असे. ‘स्टार प्रवाह’वरील ‘आई कुठे काय करते’ ही मालिका डिसेंबर २०१९ ते नोव्हेंबर २०२४ अशी जवळजवळ पाच वर्षे चालली. मूळ बंगाली ‘श्रीमोयी’वर ती बेतलेली होती; त्याच कथाबीजावरील हिंदी ‘अनुपमा’ही आपल्या अनेक घरांना परिचित आहे. मधुराणी प्रभुलकर यांनी साकारलेली अरुंधती पंचवीस वर्षे संसारात राबते आणि पती अनिरुद्धचे संजनाशी संबंध असल्याचे तिला कळते. गोष्ट घटस्फोटापर्यंत जाते.

प्रेक्षक अनिरुद्धला दोष देऊन मोकळा होतो. परंतु मालिकेचे खरे मर्म तिच्या नावात आहे. ‘ती कुठे काय करते?’ या एका समजुतीने कित्येक संसार मोडण्यापूर्वीच आतून पोखरलेले असतात.

बँकेच्या नोकरीत असे संसार मी जवळून पाहिले. पेठेतील एका व्यापारी कुटुंबातील भगिनी विभक्त झाल्यावर चौकशीस आल्या. वीस वर्षे त्या पतीच्या पेढीत कागदोपत्री भागीदार होत्या आणि दाखवतील तेथे सही करीत आल्या होत्या. पेढीवर कर्ज किती, हे त्यांना त्या दिवशी प्रथम कळले. त्या एवढेच म्हणाल्या, “साहेब, मला कधी कोणी काही सांगितलेच नाही.”

विवाह कायद्याने मोडता येतो. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात जैनांचा स्पष्ट उल्लेख आहे. १९७६ च्या दुरुस्तीने परस्परसंमतीने घटस्फोटाची तरतूद झाली. तीत अर्जानंतर सहा महिने थांबावे लागते. योग्य प्रकरणी ही अट शिथिल करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये स्पष्ट केले. मात्र १९८४ च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याप्रमाणे आधी समेटाचा प्रयत्न करणे हे न्यायालयाचे कर्तव्य आहे. त्यासाठी समुपदेशक पती-पत्नींना बोलते करतात. जो संवाद वर्षानुवर्षे घरात झाला नाही, तो अखेर शिवाजीनगरच्या न्यायालयात करावा लागतो.

एकदा मालिका पाहताना सौभाग्यवती सहज म्हणाली, “अहो, तुमची बदली झाली तेव्हा तुम्हीही म्हणाला होतात, ‘तुला काय, कुठेही गेलो तरी घरीच तर बसायचे.’” तीस वर्षांपूर्वीचे ते वाक्य मला आठवतही नव्हते, तिच्या मनात मात्र ते तसेच होते. संवत्सरीला मी दरवर्षी परिचितांना न चुकता ‘मिच्छामि दुक्कडं’ कळवतो. त्या वर्षी प्रथमच, नेमक्या त्या वाक्यासाठी, ते तिला म्हटले. ती काही बोलली नाही. पण दूरचित्रवाणी तिने बंद केली आणि आम्ही बराच वेळ बोलत बसलो.

वाचकहो, येत्या दिवाळीत वहीपूजन झाल्यावर ती वही गृहलक्ष्मीसमोर उघडून देणे कर्त्या पुरुषांना अवघड आहे काय? पेढीत देणे काय, येणे काय आणि तिच्या नावे काय, हे तिला सांगावे. आणि तिचे काही येणे बाकी आहे काय, तेही विचारावे.