मुंबईची फीत ऐकणारा बीटल्सचा इतिहासकार

एका बँडवर उभं आयुष्य लावलेला माणूस म्हणजे मार्क लुइसन!

ॲबी रोड स्टुडिओतल्या बीटल्सच्या मूळ फिती ऐकून त्यांनी 1988 मध्ये ध्वनिमुद्रणांची दिवसवार नोंद छापली. 2013 मध्ये बीटल्सच्या नियोजित त्रिखंडी चरित्राचा पहिला खंड आला. त्याची विस्तारित आवृत्ती सुमारे सतराशे पानांची, आणि कथा पोचते फक्त 1962 च्या अखेरीपर्यंत. ही चिकाटी थक्क करते.

त्या नोंदींत आपली मुंबईही आहे. जानेवारी 1968 मध्ये बीटल्सच्या जॉर्ज हॅरिसनने ‘द इनर लाइट’ या गाण्याचं वाद्यसंगीत फोर्टमधल्या एचएमव्ही स्टुडिओत मुद्रित केलं. बासरी हरिप्रसाद चौरसियांची!