सांगणारा आणि ठरवणारा

ख्रिस्ती धर्मातला सुवार्तिक म्हटले की, बाजाराच्या चौकात उभा राहून उंच आवाजात उपदेश करणारा, पत्रके वाटणारा आणि किती लोक आपल्या बाजूला आले याची वही ठेवणारा माणूस आपल्या डोळ्यांपुढे येतो. सुवार्तिकाविषयीचा आदर किंवा राग, दोन्ही बहुधा याच चित्रावर बेतलेले असतात. बायबलमधला सुवार्तिक मात्र या चित्रात बसत नाही. संपूर्ण नव्या करारात हे पद जेमतेम तीनदा येते आणि नाव घेऊन ‘सुवार्तिक’ असे एकाच माणसाला म्हटले आहे. तो म्हणजे फिलिप्प. त्याच्याविषयी जे लिहून ठेवले आहे ते नीट वाचले, तर या पदाला कोणताही अधिकार जोडलेला नव्हता हे लक्षात येते. सुवार्तिकाने सांगायचे, ठरवायचे ऐकणाऱ्याने. ही वाटणी जिथे पाळली गेली तिथे ख्रिस्ती परंपरा उजळली आणि जिथे मोडली गेली तिथे ती काळवंडली, असे मला वाटते.

फिलिप्प हा बारा प्रेषितांपैकी नव्हे. यरुशलेमेतल्या विधवांना रोजचे अन्न नीट वाटले जावे म्हणून जे सात जण निवडले गेले, त्यांतला हा एक. याच सातांतल्या स्तेफनाच्या हत्येनंतर छळ सुरू झाला, लोक पांगले आणि फिलिप्प शोमरोनात गेला. पुढे यरुशलेमहून गज्जाकडे उतरणाऱ्या निर्जन वाटेवर त्याला एक रथ दिसतो. रथात इथिओपियाच्या, म्हणजे आजच्या सुदानच्या भागातल्या कांदके राणीचा खजिनदार बसलेला आहे. हा अधिकारी षंढ आहे आणि यरुशलेमेत उपासना करून परत निघाला आहे. त्या काळच्या रीतीप्रमाणे तो मोठ्याने वाचतो आहे आणि फिलिप्पाला धावता धावता यशयाच्या ग्रंथातले शब्द ऐकू येतात. फिलिप्प उपदेश सुरू करत नाही. वाचता आहात ते समजते आहे का, एवढेच विचारतो. कोणी समजावल्याशिवाय कसे समजणार, असे म्हणून तो अधिकारीच त्याला वर बोलावून शेजारी बसवतो. संभाषणाचा विषयही अधिकाऱ्याच्या मांडीवर उघडा असलेल्या पानावरूनच ठरतो.

पुढे वाटेत पाणी लागते. बाप्तिस्म्याचा विषय फिलिप्प काढत नाही. माझ्या बाप्तिस्म्याला आता काय हरकत आहे, असे तो अधिकारी विचारतो आणि रथ थांबवायला सांगतो. या ‘हरकत आहे का’ला फार वजन आहे. बायबलमधल्या ‘अनुवाद’ या ग्रंथातल्या नियमशास्त्राप्रमाणे षंढाला परमेश्वराच्या मंडळीत प्रवेश नव्हता. यरुशलेमेपर्यंतचा एवढा लांबचा प्रवास करूनही जो माणूस उंबऱ्याबाहेरच राहिला असावा, तो हे विचारतो आहे. दोघे पाण्यात उतरतात, वर येतात आणि फिलिप्प दिसेनासा होतो. अधिकारी आनंदाने आपल्या वाटेने जातो. त्याची नोंद कुठे झाली, तो कोणत्या मंडळीच्या ताब्यात गेला, याबद्दल कथेत अक्षरही नाही.

योहानाच्या शुभवर्तमानात विहिरीवर येणारी शोमरोनी स्त्री हेच काम पदाशिवाय करते. ती घागर तिथेच टाकून गावात धावते आणि लोकांना म्हणते, येऊन स्वतः बघा. शेवटी गावकरी तिला सांगतात की, आता तुझ्या सांगण्यावरून नव्हे, आम्ही स्वतः ऐकले म्हणून आमचा विश्वास आहे. एखाद्या पुढाऱ्याला हे ऐकून अपमान वाटला असता. बायबल मात्र ही तिच्या कामाची सिद्धी म्हणून सांगते.

परंपरेने सुवार्तिक हे नाव मत्तय, मार्क, लूक आणि योहान या चार शुभवर्तमानकारांनाही दिले. त्यांच्या ग्रंथांकडे पाहिले तरी ऐकणाऱ्याची तीच कदर दिसते. मत्तय येशूची वंशावळ अब्राहामापासून मांडतो, लूक ती थेट आदामापर्यंत नेतो. मार्कापुढचे वाचक यहुदी रीतींना परके असावेत, म्हणून तो हात धुण्याच्या चालीरीती थांबून समजावतो आणि येशूच्या तोंडचे अरामी शब्द देऊन लगेच अर्थही सांगतो. चौघांच्या तपशिलांत फरक आहेत, काही ठिकाणी ते जुळवणेही अवघड जाते. इ. स. 170 च्या सुमारास तातियान याने चारही ग्रंथ गुंफून एकसंध कथा तयार केली. सिरियातल्या मंडळ्यांत ती पिढ्यान्‌पिढ्या वाचली गेली. पाचव्या शतकात थिओडोरेट या बिशपने तिच्या दोनशेहून अधिक प्रती काढून घेऊन त्यांच्या जागी चार स्वतंत्र शुभवर्तमाने ठेवली. एकच अधिकृत कथा हाती असणे कोणत्याही संस्थेला सोयीचेच. ती सोय बाजूला सारून चर्चने चार साक्षी चार राहू दिल्या. त्यामुळे वाचकाला तोलून पाहण्याचे काम उरले.

यावर पहिला आक्षेप बायबलमधूनच येतो. मत्तयाच्या शेवटी येशू सर्व राष्ट्रांना शिष्य करण्याची आज्ञा देतो. मग निकालाची जबाबदारी सुवार्तिकावर नाही असे कसे म्हणता येईल? पण त्याच मत्तयाच्या दहाव्या अध्यायात बारा जणांना पाठवताना नकार मिळाला तर काय करायचे हेही सांगितले आहे : पायांची धूळ झटकायची आणि पुढच्या गावी जायचे. लूक तर एक अवघड प्रसंग नोंदवतो. शोमरोनातल्या एका गावाने येशूला उतरू दिले नाही, तेव्हा याकोब आणि योहान त्या गावावर आकाशातून अग्नी पाडण्याची परवानगी मागू लागले. येशूने गावाला काही न म्हणता आपल्या या दोन शिष्यांनाच धमकावले. आज्ञा जाण्याची आणि शिकवण्याची आहे. नकाराची शिक्षा देण्याचा अधिकार कुणालाही दिलेला नाही.

आरंभीच्या मंडळ्यांना या कामातला धोका चांगलाच ठाऊक होता. ‘डिडाखे’ हे ख्रिस्ती मंडळ्यांसाठीचे अतिशय जुने नियमपुस्तक. त्यात फिरत्या प्रेषितांची पारख करण्याची कसोटी दिली आहे. आलेल्या माणसाने एक दिवस राहावे, गरज पडली तर दोन. तिसऱ्या दिवशीही तो राहिला तर तो खोटा. निघताना पुढच्या मुक्कामापुरती भाकरी घ्यावी, पैसे मागितले तर तोही खोटा. चौथ्या शतकातला इतिहासकार युसेबियस जुन्या सुवार्तिकांचे वर्णन करतो तेही असेच आहे : आपली मालमत्ता गरिबांना वाटून निघायचे, पाया घालायचा, तिथल्या पाळकांवर मंडळी सोपवायची आणि दुसऱ्या देशाकडे वळायचे.

मग हे बिघडले कुठे? राजदंड मदतीला आला तिथे. सॅक्सन लोकांना जिंकल्यावर शार्लमेनने इ. स. 785 च्या सुमारास कायदा केला की, बाप्तिस्मा टाळण्यासाठी लपून राहणाऱ्याला मृत्युदंड. त्याच्याच दरबारातल्या अल्क्विन या विद्वान धर्मगुरूने 796 साली पत्रे लिहून याला हरकत घेतली. माणसाला बाप्तिस्म्यापर्यंत ओढत नेता येईल, श्रद्धेपर्यंत नेता येणार नाही, हा त्याचा मुद्दा. आपल्या शेजारच्या गोव्यात पोर्तुगीज राजवटीत अशीच सक्ती झाली. सोळाव्या शतकात साष्टीतली देवळे पाडली गेली, 1560 मध्ये इन्क्विझिशन आले. 1579 मध्ये गोव्यात उतरलेला इंग्रज जेझुइट थॉमस स्टीफन्स याच राजवटीच्या छायेत राहिला आणि त्याने ओवीछंदात जवळपास अकरा हजार ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ रचले. 1616 साली ते रायतूरला छापले गेले. त्यात एक ब्राह्मण पाद्रीला विचारतो की, आमची जुनी पुराणे बंद झाली, मग त्यांच्या जागी वाचायला दुसरे काही तुम्ही का देत नाही? स्टीफन्सची मराठी प्रेमाने कमावलेली आहे आणि तिचे ऋण मराठीने मानावेच. पण हा प्रश्न विचारणाऱ्यापुढे नाही म्हणण्याची वाट खुली नव्हती, हेही तितकेच खरे. स्टीफन्सच्या मराठीच्या सौंदर्याने ती सक्ती पुसली जात नाही.

आपल्याकडे अधिक ऐकू येणारा आक्षेप आमिषाचा आहे. भाकरी, शाळा, दवाखाना पुढे करून धर्म दिला जातो, असे म्हणतात. फिलिप्पाची कथा ज्या अध्यायात आहे, त्याच अध्यायात शिमोन नावाचा जादूगार आत्म्याची शक्ती विकत मिळावी म्हणून पेत्रापुढे पैसे ठेवतो आणि पेत्र त्याला कडक शब्दांत झिडकारतो. तत्त्व पहिल्यापासून स्पष्ट होते. आचरणाचे काय? इथे आंध्रातल्या ओंगोलचे उदाहरण फार बोलके आहे. 1876–78 च्या भीषण दुष्काळात अमेरिकन बाप्टिस्ट मिशनरी जॉन क्लाउ यांनी बकिंगहॅम कालव्याच्या एका तुकड्याचे कंत्राट घेतले आणि उपाशी माणसांना खोदकामाची मजुरी दिली. बाप्तिस्मा मागणारे मोठ्या संख्येने येत असताना दुष्काळ ओसरेपर्यंत त्यांनी तो देणे थांबवले. मदत संपल्यावर, 1878 च्या 3 जुलैला, एकाच दिवशी 2,222 जणांचा बाप्तिस्मा झाला. उपाशी माणसाचा होकार पुरता त्याचा स्वतःचा असतो का, ही शंका क्लाउंना टोचली आणि तिच्यापोटी त्यांनी थांबून पाहिले. सगळे मिशनरी असे थांबले नाहीत, हे मान्य करायला हवे. मात्र आक्षेप घेणाऱ्यांनीही एक गोष्ट मान्य करावी. धर्मांतर केलेले बहुसंख्य लोक ज्या जातींचे होते, त्यांच्याजवळ भुकेखेरीज दुसरे कारण असूच शकत नाही, हे गृहीत धरणे म्हणजे त्यांच्या विचारशक्तीचा अपमान आहे. विहिरीवर, शाळेत, वाटेवर मिळणारी वागणूक बदलावी असे वाटणे हे विचारी माणसाचे कारण आहे.

महाराष्ट्रात ही वाटणी रेव्हरंड नारायण वामन टिळकांच्या आयुष्यात स्पष्ट दिसते. 1893 च्या सुमारास नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका अनोळखी युरोपियन प्रवाशाशी त्यांच्या गप्पा झाल्या. त्याने जाताना नवा करार हातावर ठेवला. पुढचे वाचन, शंका, पत्रव्यवहार, रात्रंदिवस चाललेली तगमग टिळकांनी स्वतः केली आणि 10 फेब्रुवारी 1895 रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई त्यांच्याबरोबर गेल्या नाहीत. लक्ष्मीबाईंना झालेला ताप त्यांच्या ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्रात आहे आणि तो हलका समजण्याचे कारण नाही. पण 1900 मध्ये त्यांनी बाप्तिस्मा घेतला तो आपल्या अनुभवाने, आपल्या वेळी. अभंग आणि कीर्तनातून ख्रिस्त सांगणाऱ्या टिळकांनी 1917 मध्ये मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ मांडला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघांनाही त्यात सारखी जागा होती. पगार आणि संस्था दोन्ही सोडल्यावर त्यांच्याजवळ सांगणे तेवढे राहिले.

हा प्रश्न आपल्या कायद्यातही आहे. राज्यघटनेचा 25 वा अनुच्छेद धर्माचा प्रसार करण्याचा हक्क देतो. 1977 मध्ये स्टॅनिस्लॉस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, प्रसार करण्याच्या हक्कात दुसऱ्याचे धर्मांतर करण्याचा हक्क येत नाही. अनेक ख्रिस्ती विचारवंतांना हा निकाल खटकला. मला त्यातला हा भेद बायबलशी विसंगत वाटत नाही, कारण फिलिप्पानेही कुणाचे धर्मांतर करण्याचा हक्क सांगितला नव्हता. पण भेद मानायचा तर दोन्ही बाजूंनी मानायला हवा. काही राज्यांच्या नव्या कायद्यांप्रमाणे धर्म बदलू पाहणाऱ्याने आधी जिल्हाधिकाऱ्यांना कळवावे लागते, मग चौकशी होते. सांगणाऱ्याला ठरवण्याचा अधिकार नसेल, तर तो सरकारी कचेरीलाही असू नये. रथ थांबवायला सांगणाऱ्या त्या खजिनदाराने गज्जाच्या सुभेदाराची परवानगी मागितली नव्हती.