खांदा मोडला, पण कोड दंडाचा!

अमेरिकेत एखाद्या आजीबाई घरात घसरल्या आणि खांद्यापाशी हाड मोडलं, की एक्स-रे, डॉक्टर आणि गळ्यातली झोळी यांच्या मागोमाग आणखी एक सोपस्कार होतो. त्या सगळ्या प्रकरणाचा सात जागांचा एक कोड तयार होतो. विमा कंपनी पैसे द्यायचे की नाही ते ठरवताना हा कोड बघते. तो लावणारं माणूस पुण्यात किंवा नवी मुंबईत रात्रपाळीला बसलेलं असू शकतं. ज्या कोडमालेतून तो निघतो तिचं नाव आयसीडी-१०-सीएम. ठिसूळ हाडांच्या खांद्याची ही कोडकथा, तुकड्या-तुकड्यांत.

१. सात जागांत अख्खी केस

एम८०.०२१ए. हा कोड डावीकडून वाचत जा. 'एम' म्हणजे हाडं, सांधे, स्नायूंचं प्रकरण. '८०' म्हणजे ऑस्टिओपोरोसिस (हाडं ठिसूळ होण्याचा आजार) आहे आणि त्यापायी हाड आत्ता मोडलेलं आहे. पुढचं '०' सांगतं की हाडं वयामुळे विरळ झाली आहेत. '२' म्हणजे दंडाचं हाड, '१' म्हणजे उजवी बाजू आणि शेवटचा 'ए' म्हणजे उपचार सध्या जोरात सुरू आहेत. पेशंटचं नाव सोडलं तर बरंच काही कळलं!

२. गुन्हेगार कोण, फरशी की हाड?

या कोडिंगमधला हा सगळ्यात मोठा प्रश्न. अपघाती फ्रॅक्चर 'एस' मालिकेत जातं. खांद्यापाशी दंडाचं हाड मोडलं तर एस४२.२. पण नियम असा की पेशंटला ऑस्टिओपोरोसिस आहे हे माहीत असेल आणि धडधाकट हाड एरवी मोडलं नसतं इतक्या किरकोळ पडण्यानं ते मोडलं असेल, तर 'एस' नाही, 'एम८०' लावायचा. मग आजी चटईला अडखळून पडल्याचं चार्टमध्ये ठळक लिहिलेलं का असेना. चटई निर्दोष, हाड दोषी.

३. खांदा म्हणजे खांदा नव्हे

नव्या कोडरची इथे हमखास विकेट पडते. या यादीत 'खांदा' नावाचा वेगळा कोड आहे: एम८०.०१. शेजारीच दंडाच्या हाडाचा आहे: एम८०.०२. आजींचं हाड मोडलंय अगदी खांद्याच्या सांध्यापाशी, त्या स्वतःही "खांदा मोडला" असंच सांगतात. तरी कोड लागतो दंडाचा! कारण नियमावली स्पष्ट सांगते की ऑस्टिओपोरोसिससारख्या आजारात हाडाचं टोक सांध्यापाशी असलं, तरी जागा हाडाची नोंदवायची, सांध्याची नाही. मूळ वर्गीकरणात खांद्याच्या भागात कॉलर बोन आणि पाठीकडचं फऱ्याचं हाड येतं. दंडाचं हाड त्या घरातलं नाही, वरचं टोक उंबऱ्यावर असलं तरी.

४. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे

शेवटच्या अक्षराचं अधिकृत वर्णन वाचून वाटतं, पहिल्यांदा दवाखान्यात गेलं की 'ए', दुसऱ्यांदा गेलं की 'डी'. तसं नाही. मुख्य उपचार चालू आहेत तोवर 'ए', मग मध्येच डॉक्टर बदलला तरी. त्यानंतर हाड नीट जुळत असताना तपासायला आलात तर 'डी'. जुळायला उशीर होतोय, 'जी'. जुळलंच नाही, 'के'. वाकडं जुळलं, 'पी'. आणि सगळं आटोपल्यावर मागे काही दुखणं राहिलं तर 'एस'.

५. एक खांदा, ३६ कोड

हिशेब करून बघा. उजवा, डावा आणि 'बाजू लिहिलेली नाही' असे तीन पर्याय, गुणिले वरची सहा अक्षरं: झाले १८. वयामुळे आलेल्या ऑस्टिओपोरोसिसचे हे १८ आणि औषधांमुळे वगैरे आलेल्या इतर प्रकारांचे आणखी १८. म्हणजे नुसत्या खांद्याचे ३६, आणि दंडाच्या हाडाचे परत तेवढेच. पाळी गेल्यानंतरचा ऑस्टिओपोरोसिस मात्र वेगळ्या घरात नाही, तो 'वयामुळे'च्याच खात्यात जातो. दीर्घकाळ स्टिरॉइड घेऊन हाडं खिळखिळी झाली असतील तर ती दुसऱ्या खात्यात.

६. मणक्याला डावा-उजवा नसतो

मग सहाव्या जागी काय लिहायचं? एक्स! मणक्याचा कोड एम८०.०८एक्सए असा दिसतो. हा 'एक्स' काहीच सांगत नाही, फक्त जागा धरून बसतो. बसमध्ये खिडकीतून सीटवर टाकलेला रुमाल असतो ना, तसा. तो विसरलात तर शेवटचं अक्षर भलत्या जागी जाऊन बसतं आणि क्लेम परत येतो.

७. २०१५ पर्यंत खांद्याला बाजूच नव्हती

अमेरिकेनं १ ऑक्टोबर २०१५ रोजी आयसीडी-१०-सीएम स्वीकारलं. त्याआधीच्या जुन्या मालिकेत आजारांचे सुमारे १४ हजार कोड होते, नव्या मालिकेत ते ७० हजारांच्या आसपास गेले. जुन्या मालिकेत दंडाच्या अशा फ्रॅक्चरला ७३३.११ हा एकच आकडा होता. उजवा की डावा, हाड जुळलं की नाही, काहीच कळायचं नाही. यादी अजूनही वाढतेच आहे. दर १ ऑक्टोबरला नवे कोड लागू होतात. ऑस्टिओपोरोसिसमुळे ओटीपोटाचं हाड मोडलं तर स्वतंत्र कोड मिळाला तो थेट २०२३ च्या ऑक्टोबरात.

८. तुकडे मोजायचे तर अपघातच हवा

न्यूयॉर्कचे सर्जन चार्ल्स नीर यांनी १९७० मध्ये खांद्यापाशी मोडलेल्या दंडाच्या हाडाची तुकड्यांनुसार वर्गवारी मांडली: दोन, तीन किंवा चार भाग. अस्थिरोगतज्ज्ञ आजही तिच्याच भाषेत बोलतात. गंमत अशी की अपघाताच्या 'एस४२.२' मध्ये तीन तुकडे आणि चार तुकडे यांना वेगवेगळे कोड आहेत, पण 'एम८०' मध्ये तुकड्यांना विचारतं कोण! तिथे हाड का मोडलं ते महत्त्वाचं, कसं मोडलं ते नाही.

९. ऑपरेशन की झोळी?

ब्रिटनमध्ये ३२ रुग्णालयांतल्या २५० पेशंटवर एक अभ्यास झाला, 'प्रोफर' नावाचा. खांद्यापाशी हाड मोडून सरकलेल्या या लोकांपैकी काहींचं ऑपरेशन केलं, काहींचा हात नुसता झोळीत ठेवला. २०१५ मध्ये निकाल आला: दोन वर्षांत दोन्ही गटांच्या खांद्याच्या कामात म्हणण्यासारखा फरक पडला नाही. अर्थात कोणाला काय करायचं हे एक्स-रे बघून डॉक्टरच ठरवणार.

१०. पडलात कुठे? त्यालाही कोड!

हाडाच्या कोडसोबत पडण्याची हकीकतही कोडमध्ये सांगता येते. स्वतंत्र घरातल्या बाथरूमला वाय९२.०१२, कमोडवरून पडलात तर डब्ल्यू१८.११. ऑपेरा हाउसला कोड आहे, कोंबड्यांच्या खुराड्याला आहे, विणकाम करण्यालाही आहे. सासरच्यांशी पटत नसेल तर झेड६३.१. आणि सगळ्यांवर कडी म्हणजे व्ही९७.३३एक्सडी: जेट इंजिनात ओढला गेलेला माणूस. शेवटी 'डी' आहे, बघितलंत? म्हणजे गडी वाचलाय आणि फेरतपासणीला आलाय!

११. एक भाऊ रोगांचा, एक चोरांचा

या सगळ्या वर्गीकरणाचे मूळपुरुष पॅरिसचे संख्याशास्त्रज्ञ जाक बर्टिलाँ. मृत्यूच्या कारणांची त्यांनी केलेली यादी १८९३ मध्ये शिकागोत स्वीकारली गेली. त्यांचे भाऊ अल्फाँस पॅरिस पोलिसांत होते. गुन्हेगारांच्या शरीराची मापं घेऊन ओळख पटवण्याची पद्धत त्यांची. एकानं मरणाला कप्पे केले, दुसऱ्यानं चोरांना. पुढे १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आलं आणि यादीत मृत्यूसोबत आजारही शिरले.

१२. पुस्तक उघडून परीक्षा द्या

आपल्याकडची बीएस्सी, बीफार्म झालेली कितीतरी मुलंमुली 'सीपीसी' ही अमेरिकी परीक्षा देऊन या क्षेत्रात येतात. १०० प्रश्न, चार तास, आणि कोडची जाडजूड पुस्तकं सोबत न्यायची मुभा. तरी घाम फुटतो, कारण पुस्तकात उत्तर असलं तरी चार्ट नीट वाचायचा तुम्हालाच असतो. कोडरला मनानं निदान करता येत नाही. चार्टमध्ये "७८ वर्षं, उभ्या उभ्या पडल्या, फ्रॅक्चर" एवढंच असेल आणि ऑस्टिओपोरोसिसचा उल्लेखच नसेल, तर डॉक्टरांना 'क्वेरी' पाठवायची. तीही जपून. "ऑस्टिओपोरोसिस लिहा ना" असं सुचवायला बंदी, "फ्रॅक्चरचं कारण स्पष्ट कराल का?" अशा धर्तीवर विचारायचं.

१३. हाड जुळलं तरी खातं बंद होत नाही

फ्रॅक्चर पूर्ण बरं झालं की एम८० निघतो. त्याच्या जागी एम८१.० येतो, म्हणजे ऑस्टिओपोरोसिस आहे पण सध्या काही मोडलेलं नाही. जोडीला झेड८७.३१०, म्हणजे पूर्वी या आजारापायी हाड मोडलं होतं. ही जोडी मोलाची आहे, कारण ठिसूळपणामुळे एकदा हाड मोडलं की पुढचं मोडण्याचा धोका वाढतो. पहिल्याच वेळी 'अपघात' म्हणून फाइल मिटवली, तर हाडांच्या आजाराचा पत्ताच लागत नाही, औषध सुरू होत नाही आणि पुढची पाळी खुब्याची असू शकते. कोड अमेरिकेतला असला तरी हा मुद्दा आपल्या आजींनाही लागू आहे. त्यांच्या डिस्चार्ज कार्डावर नुसतं "पडल्यामुळे फ्रॅक्चर" दिसलं, तर डॉक्टरांना सरळ विचारा: हाडांची डेक्सा तपासणी कधी करायची?