नर्मदेची राणी सागराच्या पहाऱ्यावर

जबलपूर नगरीचा समुद्राशी संबंध तो कोणता? नर्मदा भेडाघाटच्या संगमरवरी कड्यांमधून वाट काढीत पश्चिमेकडे जाते आणि शेकडो मैलांवर भडोचपलीकडे खंबायतच्या आखाताला मिळते. एवढाच तो संबंध, असे आपणांस वाटेल. परंतु वाचकहो, भारतीय तटरक्षक दलाच्या एका गस्तीनौकेवर जबलपूरकरांच्या अत्यंत परिचयाचे नाव झळकत आहे : 'राणी दुर्गावती'.

इ. स. १५६४ मध्ये मोगल सरदार असफखान चालून आला, तेव्हा गढामंडळाच्या ह्या राणीने शरण जाण्याऐवजी रणांगणावरच देह ठेवला. जबलपूरचा राणीताल व तेथील विश्वविद्यालय तिची स्मृती जागती ठेवीत आहेत. तिच्या नावाची नौका विशाखापट्टणमच्या हिंदुस्थान शिपयार्डमध्ये बांधली गेली आणि ६ जुलै २०१५ रोजी सेवेत रुजू झाली. पाच नौकांच्या ह्या मालिकेत आणखी एक नाव त्याच परिसरातील आहे, ते रामगढच्या राणी अवंतीबाईचे. बरगीचा विशाल जलाशयही तिच्याच नावाने ओळखला जातो. उरलेल्या तिघी म्हणजे उल्लाळची अब्बक्का, ईशान्य भारतातील गाइदिन्ल्यू आणि गंगेवरील मच्छीमारांच्या हक्कांसाठी इंग्रज सरकारशी झगडलेली बंगालची राणी रासमणी.

तटरक्षक दलाच्या स्थापनेतही समुद्रापासून दूर वाढलेल्या एका गृहस्थाचा मोठा वाटा आहे. चोरट्या आयातीला आळा कसा घालावा, ह्याचा विचार करण्यासाठी १९७४ मध्ये नेमलेल्या समितीचे अध्यक्ष के. एफ. रुस्तमजी हे होते. त्यांचा जन्म नागपूरजवळील कामठीचा, आणि मध्य प्रदेशचे पोलीसप्रमुखपदही त्यांनी भूषविलेले. त्यांच्या समितीच्या शिफारशींतून १ फेब्रुवारी १९७७ रोजी नौदलाकडून मिळालेल्या सात नौकांनिशी ह्या दलाचा आरंभ झाला व १९७८ मध्ये त्याला कायद्याचे अधिष्ठान लाभले. युद्ध हे नौदलाचे कार्य. शांततेच्या काळात सागरी कायदा राखणे आणि संकटात सापडलेल्यांचे प्राण वाचविणे, हे तटरक्षकांचे.

ह्या दुहेरी कार्यातूनच नौकेची रचना ठरते. 'राणी दुर्गावती' किनाऱ्यालगतच्या गस्तीसाठी बांधलेली आहे. तिची लांबी ५१ मीटर, वजन सुमारे २७५ टन आणि कमाल वेग ३४ नॉट, म्हणजे ताशी सुमारे ६३ किलोमीटर. सामान्य जहाजाच्या तळाखाली फिरणारा पंखा असतो. किनाऱ्यालगत पाणी उथळ आणि जागोजागी कोळ्यांची जाळी पसरलेली. तेथे असा पंखा वाळूत रुतण्याचे वा जाळ्यात गुरफटण्याचे भय असते. म्हणून ह्या नौकेची डिझेल एंजिने समुद्राचे पाणी आत ओढून घेतात आणि मागील बाजूने प्रचंड जोराच्या झोताने बाहेर फेकतात. त्या झोताच्या रेट्याने नौका पुढे धावते. झोताचे तोंड वळविले की नौका वळते. झोत उलट दिशेला फिरविला की ती थोड्याच अंतरात थांबते.

मात्र वेगाची किंमत इंधनाने मोजावी लागते. वेग वाढला की पाण्याचा विरोध त्याहून किती तरी अधिक वाढतो. म्हणून नेहमीची गस्त मंद गतीने चालते, आणि त्या गतीने ही नौका सुमारे १,५०० सागरी मैलांचा पल्ला गाठू शकते. पूर्ण वेग राखून ठेवावयाचा तो पाठलागासाठी आणि हाकेला धावून जाण्यासाठी. नौकेवर ३० मिलिमीटरची तोफ आहे. तशीच दुसऱ्या नौकेपर्यंत जाऊन तपासणी करण्यासाठी लहान होडीही आहे.

अशा तपासणीचे मोल नोव्हेंबर २००८ मध्ये देशाला फार महागात कळले. 'कुबेर' नावाची मासेमारी नौका बळकावून दहशतवादी मुंबईच्या किनाऱ्यापर्यंत पोहोचले. समुद्रावरील सहस्रावधी प्रामाणिक मच्छीमारांमधून एक संशयित नौका हुडकून काढणे किती अवघड असते, हे तेव्हा सर्वांच्या ध्यानी आले. त्यानंतर किनारपट्टीच्या सुरक्षेची मोठी जबाबदारी तटरक्षक दलाकडे सोपविण्यात आली.

दुसरा शत्रू म्हणजे वादळ. २०१७ च्या अखेरीस 'ओखी' चक्रीवादळाने दक्षिणेकडील मच्छीमारांना भर समुद्रात गाठले. केरळ व तामिळनाडूच्या ६८ नौका ९५२ मच्छीमारांसह वाहत, झुंजत सिंधुदुर्गाच्या किनाऱ्याला लागल्या. त्यांना किनारा लाभला. अनेकांना तो लाभला नाही. पाण्यात पडलेल्या माणसाची शक्ती घटकेघटकेला क्षीण होत जाते, आणि म्हणूनच नौकेच्या वेगातील प्रत्येक नॉट हा कुणाच्या तरी घरचा कर्ता माणूस परत येण्याची आशा वाढवितो.

आपण किनाऱ्यावर राहत असाल अथवा सुटीत मुलाबाळांसह तेथे जात असाल, तर तटरक्षक दलाचा १५५४ हा दूरध्वनी क्रमांक टिपून ठेवावा. समुद्रात कोणी संकटात असल्याचे दिसताच कळवावे. विलंब करू नये. गस्तीनौका कितीही वेगवान असो, हाक ऐकू आल्यावाचून ती धावणार कोठे?